उतरवलेली बाई

पाड्याच्या वाटेवर तुळशीदास दोनदा माघारी वळला आणि दोनदा पुन्हा चालू लागला. तिसऱ्यांदा वळायच्या आत घरच समोर आलं.

अंगणात एक बाई सुपात नाचणी पाखडत होती. पंचेचाळिशीची असेल. तिनं मान वर करून पाहिलं आणि पाखडणं चालूच ठेवलं. ओळख पटल्याचं काही तिच्या तोंडावर दिसलं नाही. दिसणार तरी कसं? आज अंगावर खाकी नव्हती, खांद्याला चामड्याची पिशवी नव्हती, आणि सात वर्षांत डोक्यावरचे केसही गेले होते.

"बायडी तुम्हीच ना?"

"मीच. कोन तू?" पाड्यावर सगळ्यांनाच अरे-तुरे.

"मी कंडक्टर होतो. ठाणे-मोखाडा गाडीवर."

सूप थांबलं.

तुळशीदासला निवृत्त होऊन तीन महिने झाले होते. निरोपाच्या दिवशी साहेबांनी हार घातला आणि भाषणात सांगितलं, की तीस वर्षांत या माणसाविरुद्ध एका प्रवाशाची तक्रार नाही. टाळ्या पडल्या. तुळशीदासला मान वर करवेना. जिनं तक्रार करायला हवी होती, तिला ती कुठं करायची हेच माहीत नव्हतं, एवढाच त्याचा अर्थ होता.

तेव्हापासून तो जव्हारपासून मोखाड्यापर्यंत ज्याला त्याला विचारत सुटला. शेवटी जीपवाल्या नीलेशनं सांगितलं, की एका पाड्यावर बायडी म्हणून आहे. सुकटीचा वास येतो म्हणून कंडक्टरनं तिला मधेच उतरवलं होतं, तेव्हापासून ती बसमध्ये पाय ठेवत नाही. जीप मिळाली तर जीप, नाहीतर चालत. हे ऐकून त्या रात्री तुळशीदास जेवला नाही. बायकोनं, अनसूयानं, कारण विचारलं तर पोटाचं निमित्त सांगितलं.

"सांग काय ते," बायडी म्हणाली.

मग त्यानं सगळं सांगितलं. सात वर्षांपूर्वीचा एप्रिल महिना, भर दुपार. जव्हारला बाई चढली, हाताशी सहा-सात वर्षांची पोर, डोक्यावर सुकटीचं बोचकं. तिकीट तिनं रीतसर काढलं होतं. थोड्या वेळात शहरातल्या मंडळींनी नाकाला रुमाल लावले. एक जण म्हणाला, मास्तर, काहीतरी करा. बोचकं मागच्या बाकाखाली ढकलता आलं असतं, पण तुळशीदासनं बेल दिली. मोरीजवळच्या वळणावर गाडी थांबली. तिथं थांबा नव्हता, सावलीला एक झाड नव्हतं.

"उतर म्हणालो. ही माणसांची गाडी आहे, असं म्हणालो." तो खाली बघून बोलत होता. "तो प्रवासी म्हणाला, बरं केलंत मास्तर. आणि मी हसलो. उतरवल्याचं एकदा घरी सांगितलं होतं. हसल्याचं आजवर कुणाला नाही सांगितलं."

बायडीनं सूप बाजूला ठेवलं. मग तिनं विचारलं, "पोर रडली?"

"नाही. तिनं नुसता पदर धरला."

"बोलली का काय?"

"काहीच नाही. हातात तिकीट धरून उभ्या राहिलात. मी डबल बेल दिली."

ती आपल्याला तपासते आहे, हे त्याच्या ध्यानात आलं. त्याचा गुन्हा त्याच्याच तोंडून पुरता वदवून घ्यायचा तिला हक्कच होता. म्हणून तिनं विचारलं तेवढं तो सांगत गेला. किती लोक होते, कोणी मधे पडलं का, गाडी सुटल्यावर मागं वळून पाहिलंस का. पाहिलं होतं. बोचकं पुन्हा डोक्यावर चढवायला तिला दुसरं कोणी नव्हतं, आणि ती पोर टाचा उंचावून हात लावत होती.

एवढं सांगून त्यानं हात जोडले. "माफ करा म्हणायचं तोंड नाही मला. पण म्हणतो."

बायडीनं पदरानं डोळे पुसले. आत जाऊन तिनं पाणी आणलं, मग कोरा चहा आणला. "आलास ते बरं केलास," एवढंच ती म्हणाली.

निघताना त्याच्या मनात आलं ते त्यानं बोलून टाकलं. आज जव्हारला चला, बसनं. मी शेजारी बसतो, बघू कोण काय म्हणतं. नाही म्हणेल असं त्याला वाटलं होतं. पण तिनं तोंड धुतलं, ठेवणीतलं लुगडं नेसली आणि त्याच्या मागोमाग फाट्यावर आली.

गाडीच्या पायरीशी ती क्षणभर थबकली. तुळशीदास खाली उभा राहिला, तिला आधी चढू दिलं, खिडकीची जागा दिली. तरण्या कंडक्टरनं दोन तिकिटं फाडली आणि दोघांकडं न बघताच पुढं गेला. कोणी काही म्हणालं नाही. सात वर्षांत पहिल्यांदाच तुळशीदासला गाडीत बसून चार माणसांकडं सरळ बघता आलं.

मोरीचं वळण आलं. तो बोलणार नव्हता, पण राहवलं नाही.

"हीच ती जागा."

बायडीनं खिडकीतून वाकून ती मोरी आणि तो उघडा उतार नीट बघून घेतला.

"इथं उतरवलास होय तिला?"

"तिला?"

"मला दाभोशाच्या फाट्यावर उतरवलेली," ती बाहेर बघतच म्हणाली. "माझा मास्तर आजून आला नाय."