खासनिसांचा पहिला बोलपट

बोलपट हा मानवी प्रतिभेचा कळस आहे, असं दिग्दर्शक अनंतराव खासनिसांनी मुहूर्ताचा नारळ फोडताना सांगितलं. पाच मिनिटांनी ध्वनिमुद्रक पेस्तनजींनी त्यांच्या हातातला भोंगा काढून घेतला.

"साहेब, आता तुमी चूप. मशीनला सगळा ऐकू येते."

सतरा मूकपट अनंतरावांनी ओरडूनच काढले होते. कॅमेरा चालू असताना ते भोंग्यातून सांगायचे, "मोहरबाई, पोर गेलं तुमचं! रडा!" आणि मोहरबाई रडायच्या. आज पाळण्यापाशी त्या कोरड्या डोळ्यांनी उभ्या होत्या.

"तुम्ही बोलला नाहीत तर मला ही नुसती उशीच दिसते हो," त्या म्हणाल्या.

स्टुडिओच्या मालकांनी बजावलं, आज मोहरबाई रडल्या नाहीत तर उद्या दुसरा दिग्दर्शक.

अनंतराव कॅमेऱ्याशेजारी गुडघे टेकून बसले. रिकाम्या हातांत मेलेलं मूल घेतलं, छातीशी धरलं आणि तोंडातून अवाक्षर न काढता रडू लागले. ते बघून मोहरबाईंनी हंबरडा फोडला.

"एकदम झकास!" पेस्तनजी कानांवरचं यंत्र काढत म्हणाले. "साहेब, तुमचा जरापण आवाज नाय. पण मागे कावळा ओरडला. परत एकदा."

अनंतरावांनी मूल पुन्हा उचललं.