हाकेच्या अंतरावर

नवी गाईड आज पाहुण्यांची पहिलीच तुकडी घेऊन आपल्या गावाकडे निघाली होती. पाय जमिनीवर नव्हते. "परके घरी आणलेस तर रांधायचं तुझं तूच बघ," आईने बजावलं होतं. खिंडीत धुकं दाटलं, तिथेच वाटेला दोन फाटे फुटले. "गाव किती लांब?" दमलेल्या प्रोफेसरबाईंनी विचारलं. "हाकेच्या अंतरावर." "सकाळपासून हेच ऐकतोय! वाट चुकलीस ना गं? चला, परत फिरू." तुकडी परतली, तर काम गेलंच. तिने कंपनीने दिलेली शिट्टी जोरात फुंकली. दरी गप्प. छे, डोंगरात माणसांना कुणी शिट्टी मारतं का! तिने तोंडाशी हात धरले आणि आपल्या डोंगरी बोलीत जीव ओतून हाक मारली, "आईऽऽ!" उजवीकडून, अगदी जवळून उत्तर आलं, "ओऽऽ! शिट्टी कशाला मारलीस? सगळ्या शेळ्या दारात जमल्या! किती ताटं मांडू?"