सासऱ्यांचा गोल्फ

"टॅबमधला त्यांचा तो गोल्फ तेवढा उडवू नकोस गं, नाहीतर तुलाच निस्तरावं लागेल," असं सासूबाईंनी बजावलं होतं. तिने ते हसण्यावारी नेलं. नऊ महिन्यांची लेक चमचा दिसला की ओठ घट्ट मिटून घ्यायची, वजन जागचं हलत नव्हतं, आणि जेवताना दाखवायची गाणी भरायला त्या जुन्या टॅबमध्ये जागा हवी होती. तो खेळ आता परत कुठेच मिळत नाही, हे तिला उडवल्यावर कळलं.

गाण्यांनी पोरीचं तोंड काही उघडलं नाही. सासऱ्यांचं मात्र बंद झालं. दिवसभर खुर्चीत बसून, खेळात फटका मारायला ओढत तसं हवेतच बोट मागे ओढायचे, थांबायचे आणि सोडून द्यायचे. आता यांनाही डॉक्टरकडे न्यावं लागणार, असं तिला वाटू लागलं.

आज आतून पोरीचं खिदळणं ऐकू आलं, तशी ती धावली. सासरे नातीसमोर वाकून उभे होते. त्यांनी बोट ओलं करून वारा पाहिला, एक डोळा मिटला, कुस्करलेल्या केळ्याचा चमचा सावकाश मागे नेला आणि झोकात पुढे आणला. पोरीने भलामोठा आ करून तो गट्टम केला. वाटीतलं केळं तळाला गेलं होतं.

"बाबा," तिला रडूच फुटलं, "रोज असंच भरवाल का हो?"

"भरवीन की," सासरे नेम न सोडता म्हणाले, "पण फारच सोपं जातंय. तू जरा पंखा लाव बघू."