कोणाचीच नाय
“ही जागा कोणाचीच नाय म्हणान त्यांका सांगल्यान कोणी? एकदा गावांदे माका तो, मान पिळतंय त्येची!” बाबांनी सरकारच्या नव्या आराखड्याचा नकाशा आपटला. आम्ही होड्या ओढतो, मासे सुकवतो, त्या किनाऱ्यावर ‘मालक नाही’ लिहून हॉटेल दाखवलंय. “झिला, तू मोजणीवेळी थंयच होतंस मा?” आईनं विचारलं. मोजणीच्या साहेबानं मलाच विचारलं होतं, “जागा कोणाची?” मी ऐटीत म्हणालो, “कोणाचीच नाय, सगळ्यांची.” मेल्यानं अर्धंच लिहिलं. वर त्याची हद्दीची लाल खुंटी मीच ठोकून दिली. सकाळी ती उपटून शर्टाखाली लपवलेली. आज हरकत घ्यायचा शेवटचा दिवस. खुंटी काढून बाबांपुढे ठेवली. “तो मीच.” बाबांचा हात वर गेला. “परत इल्यार मगे मार, बाबा! ओरोसची गाडी सुटता. थंयच्या कचेरीत साहेबाक उरलेला अर्धा सांगूचा आसा. माका आता जावक होया.”