आणि इतर

मतदारसंघांच्या सीमा कोणावर अन्याय करतात का, हे मोजायचं सूत्र माझं. कायद्याची बाजू मैत्रिणीची. शोधनिबंधावर नावं वर्णानुक्रमे घालायची, हा आम्हा गणितवाल्यांचा रिवाज मीच हट्टाने लावून धरला. आमच्या निबंधाचा आधार घेतलेल्या न्यायालयाच्या निकालात मग आलं काय? तिचं नाव, ‘आणि इतर’. दोघीच तर होतो! म्हणजे इतर मी एकटी.

स्टाफरूममध्ये सगळे तिच्याभोवती. एकाने मला विचारलं, “तुम्हीपण होतात का त्यात?” माझा नुसता जळफळाट झाला.

त्याच आठवड्यात फळ्यावर सूत्र लिहिताना चूक दिसली. निबंधातच दोनने भागायचं मी विसरले होते. तिला सांगायला फोन उचलला आणि तसाच ठेवून दिला. नाव जिचं मिरवतंय, तिनेच निस्तरावं.

आज तिचाच फोन आला.

“अगं, मला मेलीला महिनाभर चैन नव्हतं. न्यायालयाला कळवलं, सूत्र सर्वस्वी तुझं आहे, माझा त्यात काडीचा वाटा नाही. उद्या शुद्धिपत्रक निघतंय. सूत्रापुढे आता फक्त तुझं नाव!”