चाक्कुण्णीचं अंत्यदर्शन

त्रिशूरच्या टाउन हॉलमध्ये चाक्कुण्णीला अंत्यदर्शनासाठी ठेवलं होतं. चाळीस वर्षं त्याने पडद्यावर नायकांचा मार खाल्ला, चिखलात लोळला आणि अख्ख्या केरळला पोट धरधरून हसवलं. आज तीच माणसं नाक ओढत रांगेत उभी होती. त्याची बायको त्रेस्या उशाशी बसली होती.

दुपारी सुपरस्टार उदयवर्मन आला, रांग मोडून, मागे तीन कॅमेरे घेऊन. शवपेटीवर डोकं टेकून त्याने हंबरडा फोडला, "चाक्कुण्णी चेट्टा, थोरल्या भावा, मला पोरकं करून गेलात हो!"

तेवढ्यात कॅमेरावाला हळूच म्हणाला, "सर, मध्येच कुणाचं तरी डोकं आलं. परत एकदा घेऊ या?"

उदयवर्मनने डोळे पुसले, केस सारखे केले आणि तो पुन्हा शवपेटीवर वाकला.

त्रेस्या त्याच्याकडे वळली. मग सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली,



"या खेपेला नीट रड रे बाबा. शूटिंगला तू वाक्यं विसरायचास म्हणून हे एकाच तळ्यात अकरा वेळा पडले. आज काही परत उठायचे नाहीत."