ज्वारीचे दोन कट्टे

ऑटोतून ज्वारीचे दोन कट्टे उतरले आणि ऋतुजाला वाटलं, या बाईला आपण ओळखतच नाही असं दाखवून सरळ शेजारच्या ज्यूस सेंटरात शिरावं. नांदेडातलं एवढं चकाचक दुकान, काचेचं दार, आत गारेगार एसी. आणि तिची आई, सिंधू, पदर खोचून ऑटोवाल्याला सांगत होती, हळू, पोतं फाटंल.

आल्या होत्या त्या लिफ्ट घ्यायला. माणसांची नव्हे, सामानाची. गॅरेजच्या छताला टांगायची जाळीदार फळी. बटण दाबलं की खाली येते, गाद्या-ट्रंका चढवल्या की पुन्हा वर जाते. विष्णुपुरीच्या त्यांच्या घरी चारचाकी नव्हतीच. गॅरेजात होती ती नुसती अडगळ. ती वर गेली की खाली आठ शिलाई मशिनी बसणार होत्या आणि मशिनींवर आठ पोरी. सिंधूचा क्लास सोमवारपासून सुरू होणार होता.

दुकानातल्या शिवकुमारनं दोघींच्या मागं दाराकडं बघितलं. साहेब आले नाहीत का?

"साहेबाला बल्ब बदलायचा तर स्टूल मी धरते," सिंधू म्हणाली. "मलाच दाखवा."

पांढरी लिफ्ट ऋतुजानं आधीच मोबाईलवर पसंत केली होती. खालून निळा उजेड, फोनवरून चालणारी. दहावीच्या अर्ध्या वर्गाला तिचा व्हिडिओसुद्धा पाठवून झाला होता. शिवकुमारनं बोट टेकवलं आणि वरचे चार खोके अलगद छताला गेले. सिंधूनं ते खाली मागवले, एकाला बोटानं ढकललं. खोका पडला. रिकामा होता.

"हे काढा. कट्टे ठेवा."

शिवकुमार हसला, मग मदतीसाठी ऋतुजाकडं बघायला लागला. ऋतुजा पंख्याचा अभ्यास करत होती.

कट्टे चढले. फळी छातीएवढी वर आली तशी सिंधूनं थांबवायला सांगितली, आणि म्हणाली, आता मेन स्विच पाडा. शिवकुमारनं इन्व्हर्टर, वॉरंटी, दोन वर्षांची सर्व्हिस असं सगळं समजावून सांगितलं. तिनं मान हलवत शब्दन् शब्द ऐकून घेतला.

"आमच्याकडं लाईट इचारून जात न्हाई. पाडा तुमी."

एसी थांबला, दिवे गेले. सिंधूनं पर्समधून शिलाईची टेप काढली आणि एक टोक ऋतुजाच्या हातात दिलं. फरशीपासून फळीपर्यंत बावन्न इंच. मग हात पाठीमागं बांधून ती बाजूला उभी राहिली. शिवकुमार बोलता बोलता फळीखाली सरकला, तेव्हा तिनं त्याची बाही धरून त्याला बाहेर ओढलं.

चहा आला. तिघांनी घाम पुसत तो संपवला. मग ऋतुजानं पुन्हा टेप लावली आणि आकडा दोनदा वाचला. बावन्न म्हणून टाकलं असतं तर कुणाला कळणार होतं? निळा उजेड घरी आला असता. पण टेपेचं दुसरं टोक आईच्या बोटात होतं, आणि आई टेपेकडं नाही, तिच्याकडं बघत होती.

"पाऊण इंच खाली आलंय," ऋतुजा म्हणाली. जरा जास्तच मोठ्यानं.

एवढं चालतं हो ताई, शिवकुमार म्हणाला. मघापर्यंत तो सिंधूला मॅडम म्हणत होता.

"पाऊण इंचात गिऱ्हाईक ब्लाऊज तोंडावर फेकतंय," सिंधू म्हणाली. "ती कोपऱ्यातली कशी हाय?"

कोपऱ्यातली करड्या रंगाची होती, धूळ खात पडलेली. ना उजेड, ना फोन. भिंतीवर एक किल्ली. ती पिळून धरायची तोवर फळी हलणार, सोडली की जागच्या जागी थांबणार. कुणी घेत नाही, शिवकुमार म्हणाला, तिथंच उभं राहावं लागतं.

"म्हंजे वझं हलतंय तवर माणूस हजर पायजे. हे बरंय."

पुन्हा कट्टे, पुन्हा पन्नास इंचांवर थांबवणं, पुन्हा अंधार. या वेळी टेप लावायला शिवकुमार स्वतःच गुडघ्यावर बसला. बराच वेळ गेला. पन्नास. परत लावली. पन्नासच.

सिंधूनं हातानं फिरवायचा दांडा मागितला. तो अजून प्लास्टिकच्या पिशवीतच होता, उघडलेलासुद्धा नव्हता. तिनं तो मोटारीत बसवला आणि फिरवायला लागली, तशी फळी हळूहळू खाली येऊ लागली. उजवा हात दांड्यावर, डावा तळवा वायररोपला टेकलेला. कट्ट्यांकडं तिचं लक्षच नव्हतं. ती दोराकडं बघत होती, तो बोलतोय आणि ती ऐकतेय अशी. ऋतुजानं आईचा हा चेहरा कधी पाहिला नव्हता. घरी भाकरी थापताना नाही, मशिनीवर नाही, कुठंच नाही.

"ताई, इंजिनिअरिंग केलंय का तुम्ही?" शिवकुमारनं विचारलं.

"न्हाई. आमच्या बाबाची यारी होती जळकोटकडं, वझं वढायची क्रेन. इहिरी खोदायचे, दगूड वर वढायचे. ब्रेकवर मी ऱ्हायची. तवा हिच्याएवढी असंल."

"दगडच तर होते," शिवकुमार म्हणाला. "त्यासाठी एवढं बघावं लागायचं?"

सिंधूचा हात थांबला नाही.

"दगूड वर यायचे," ती म्हणाली. "तळाला बाबा असायचे."

कट्टे फरशीला टेकले. आवाजसुद्धा झाला नाही. ऋतुजानं ओढणी कमरेला बांधली आणि एका कट्ट्याचे दोन्ही कान धरले.